त्या तारखेची आई

न्यायाधीशबाईंनी अर्ज मंजूर केला, तेव्हा गौतमी टोपलेला आनंद व्हायच्या आधी शंका आली. इतक्या सहज? समोरच्या वकिलानं नावापुरता विरोध केला, दोन मिनिटं बोलला आणि खाली बसला. ज्या माणसानं आजवर तिच्या प्रत्येक कागदाला फाटे फोडले, तो दोन मिनिटांत खाली बसतो, म्हणजे पाणी कुठंतरी मुरत असणार.

अर्ज होता संत्र्याच्या रोपवाटिकेच्या दाव्यातला. वादी म्हणजे तिचा सख्खा मोठा भाऊ, पराग खेरडे. प्रतिवादी गौतमी. आणि वादीची मुख्य साक्षीदार नलिनी खेरडे, म्हणजे दोघांची आई. अडीच वर्षांपूर्वी आईची सरतपासणी झाली. परागच्या वकिलानं विचारलं आणि आईनं सांगितलं. त्याच दुपारी गौतमीच्या बाजूनं उलटतपासणी व्हायची, तर ती गेलीच नाही. एक नाही, दोन नाही, तीन तारखा गेली नाही. मग कोर्टानं तिचा उलटतपासणीचा हक्क बंद केला. वकील मंडळी याला ‘नो क्रॉस’ म्हणतात. साक्षीदार जे बोलला ते बोलला, त्याला कुणी हटकलं नाही, तेव्हा ते खरं धरायला वाट मोकळी.

आज तो बंद हक्क पुन्हा उघडला होता.

"मात्र एक अट आहे," न्यायाधीशबाई म्हणाल्या. "साक्षीदाराचं वय चौऱ्याहत्तर. अडीच वर्षांत माणूस विसरतो, आणि घरातले लोक त्याला हवं ते पढवतात. म्हणून उलटतपासणी स्मृतिजागरात होईल. साक्षीदाराची संमती घ्या. त्या दिवशीची नोंद शाबूत आहे ना?"

"आहे, मॅडम," शिरस्तेदार म्हणाले.

गौतमीनं वहीत लिहून घेतलं : नोंद कुणाच्या ताब्यात होती? कुलूप कुणाकडे?

हा तिचा संशयी स्वभाव म्हणावा तर जन्माचा नव्हता. नोकरी मात्र अगदी स्वभावाला साजेशी होती. अमरावतीला वजनमापे खात्यात ती निरीक्षक. दिवसभर लोकांचे तराजू तपासायचे, पेट्रोलपंपाची मापं मोजायची, सोनाराच्या काट्याखाली चिकटवलेलं मेण शोधायचं. असली बाई सहा वर्षांपूर्वी, बाबा गेल्यावर, दुय्यम निबंधकाच्या कार्यालयात गेली आणि बारा पानांच्या कागदावर न वाचता सही करून आली. पराग म्हणाला होता, वारसाची नोंद करायची आहे. भावानं पुढे केलेला कागद त्याच्यासमोर वाचत बसायचं म्हणजे ‘माझा तुझ्यावर विश्वास नाही’ असं चारचौघांत सांगण्यासारखंच. तिच्या माहेरी तसं कुणी केलं नव्हतं. आत्यानं नाही, आईनं नाही. गौतमीनंही केलं नाही. तीन वर्षांनी कळलं, की ते हक्कसोडपत्र होतं. बाबांची अख्खी रोपवाटिका, कलमांसाठी डोळे पुरवणारी, डिंक्या रोगाला दाद न देणारी ती अकरा मातृझाडं धरून, तिनं राजीखुशीनं भावाला सोडली होती. तिनं आवाज उठवल्यावर परागनंच दावा लावला, की कागद खरा ठरवून द्या. आणि आईनं शपथेवर सांगितलं, "गौतमीनं कागद वाचून सही केली."

दुधानं तोंड पोळलं की माणूस ताक फुंकून पितो. गौतमी पाणीसुद्धा फुंकून प्यायला लागली. पहिला वकील तिनं काढून टाकला, कारण त्याच्या भाच्याच्या बागेत परागची कलमं लागल्याचं तिला कळलं. आता ती स्वतःच स्वतःची बाजू मांडत होती.

पण मग त्या तीन तारखांना ती का गेली नाही? अर्जात तिनं ‘कौटुंबिक अडचण’ असं लिहिलं होतं. खरं सांगायचं तर पहिल्या तारखेला ती कोर्टाच्या गेटापर्यंत गेली होती. झेरॉक्सच्या दुकानाशी तासभर उभी राहिली आणि घरी परतली. आईला पिंजऱ्यात उभं करून ‘तू खोटं बोलतेस’ म्हणायचं तिच्यानं होईना. त्याहून मोठी भीती दुसरी होती. आपण विचारावं आणि आईनं आपल्या तोंडावर पुन्हा तेच सांगावं, मग? विचारलं नाही तोवर निदान ते ऐकावं तरी लागत नव्हतं. तेव्हापासून ती माहेरीही गेली नव्हती. सणावारी फोन, तोही बेताचा.

आता निकाल तोंडावर आला होता. बाग तर जाणारच होती. पण बागेहून वेगळी गोष्ट तिला झोपू देत नव्हती. आईला त्या दिवशी माहीत होतं का? परागनं तिलाही फसवलं होतं, की दोघांनी मिळून आपल्याला फसवलं? एवढं एकदा कळायला हवं होतं.

नोंद तपासायला ती दुसऱ्या आठवड्यात गेली. कोर्टाच्या मागच्या इमारतीत जागरकक्ष होता आणि तिथं फरहान काझी नावाचा तरुण तंत्रज्ञ. गौतमीनं आधी त्याचं ओळखपत्र मागितलं, मग नोंदीच्या पेटीवरचं सील भिंगातून पाहिलं, मग ताबा-वहीतल्या सह्या एकेक जुळवल्या. फरहान शांतपणे बघत राहिला. बहुधा त्याला अशा लोकांची सवय असावी.

"हे यंत्र नेमकं काय करतं, ते मला नीट सांगा," ती म्हणाली. "मी माहितीपत्रक वाचलंय. पण माहितीपत्रकात सगळे चांगलंच लिहितात."

फरहान हसला. "ताई, लोकांना वाटतं आठवण म्हणजे बरणीतलं लोणचं. झाकण उघडलं की जसं घातलं होतं तसंच निघणार. तसं नसतं. मेंदूत अख्खा प्रसंग साठवलेला नसतोच. कोणत्या पेशींनी कोणत्या क्रमानं जागं व्हायचं, एवढी खूण असते. आठवायचं म्हटलं की मेंदू ती खूण धरून प्रसंग नव्यानं रांधतो. त्या वेळी मन कसं आहे, कुठे बसलोय, कुणाला घाबरतोय, त्यावर चव बदलते."

"पुढं."

"सरतपासणी संपली, की साक्षीदाराच्या डोक्यावर टोपी ठेवून आम्ही ती खूण टिपून घेतो. सगळा मेंदू नाही टिपत, त्या घटकेची मनाची बैठक टिपतो. सोबत खोलीतला उजेड, आवाज, वाससुद्धा. पुढे उलटतपासणी लांबली, तर त्याच टोपीतून हलके चुंबकीय ठोके देऊन त्याच पेशी त्याच क्रमानं जाग्या करायच्या. साक्षीदार पाऊण तास त्या दिवसात जाऊन बसतो. मधली वर्षं त्याच्या हाताशी राहत नाहीत. नंतर त्याला कुणी पढवलं असेल, धमकावलं असेल, ते सगळं बाहेर."

"म्हणजे खोटं पकडलं जातं."

"नाही." फरहाननं मान हलवली. "खरं-खोटं याला कळत नाही. त्या दिवशी ज्याला खोटंच बोलायचं होतं, तो आजही खोटंच बोलेल. त्या दिवशीचा माणूस तुमच्यासमोर आणून बसवायचा, इतकंच आमचं काम."

मग त्यानं संमतीपत्राची प्रत तिच्यापुढं ठेवली आणि सातव्या कलमावर बोट ठेवलं. "हे वाचा. उघडलेली आठवण काही तास ओली असते. त्या वेळात जे घडेल ते तिच्यात मुरतं आणि मग ती पुन्हा घट्ट होते. तरुण माणसात फरक पडतो तो किरकोळ. सत्तरीनंतर मात्र जुना दिवस आणि नवा दिवस एकमेकांत मिसळल्याची उदाहरणं आहेत."

गौतमीनं कलम तीनदा वाचलं. तिला ते धोक्याचं वाटण्यापेक्षा सोयीचं वाटलं. हरलेल्या पक्षाला उद्या ‘आमच्या साक्षीदाराचं डोकं बिघडवलं’ म्हणायला केलेली सोय.

आणि झालंही तसंच. रविवारी सकाळी पराग स्वतः अमरावतीला आला. हातात संत्र्यांची पेटी. अडीच वर्षांनी दारात उभा राहिलेला भाऊ तिला थोडा वाळल्यासारखा दिसला. तिनं पाणी दिलं. तो सोफ्याच्या कडेवर बसला.

"अर्जाला आपण फार आडवं नाही लावलं, पाह्यलं ना तू?" तो म्हणाला. "तुले आईला विचारायचं, तर विचार. तुझा हक्कच आहे तो. पण साधं विचार. ती आज जशी आहे तशी बसेल समोर. त्या टोपीत नको बसवू तिला."

"का, दादा?"

"मी नागपूरच्या डॉक्टरला विचारलं. तो म्हणते, उघडलेली आठवण जशीच्या तशी बंद होत नाही. या वयात तर नाहीच. तो दिवस तिच्या डोक्यात भलताच होऊन बसेल."

"आज जशी आहे तशी म्हणजे अडीच वर्षं तुझ्या घरात राहिलेली. तुझ्या ताटात जेवलेली."

"गौतमी..."

"तुला कशाची भीती वाटते? त्या दिवशी तिनं काय पाठ केलं होतं, ते बाहेर येईल याची?"

परागनं संत्र्यांची पेटी तिच्याकडे सरकवली. मग म्हणाला, "मी काही धुतल्या तांदळासारखा आहो, असं म्हणत नाही मी. पण हे आईसाठी म्हणतो."

चोराच्या मनात चांदणं, असं गौतमी मनात म्हणाली. तो गेल्यावर तिनं पेटीतली सगळी संत्री बाहेर काढून तळ तपासला. तळाशी संत्रीच होती. तिला स्वतःची थोडी लाज वाटली. संत्री मात्र तिनं खाल्ली नाहीत, शेजाऱ्यांना दिली.

संध्याकाळी तिनं आईला फोन लावला.

"जेवली काय व?" आईनं नेहमीसारखं विचारलं.

"आई, तू संमती दिलीस त्या जागराला?"

"हाव. त्या कोर्टातल्या माणसानं इचारलं. म्या म्हटलं, गौतमी म्हणते नं, मंग होऊ द्या."

इतक्या पटकन? गौतमीनं कान टवकारले. आईच्या प्रत्येक वाक्याआधी एक क्षण जात होता. शेजारी कुणी उभं राहून सांगत होतं का? "आई, सहीच्या दिवशी मी कागद वाचला होता का गं?"

पुन्हा तो एक क्षण. "आता नाही आठवत, बाई. कोर्टात सांगतलं तेच."

"काय सांगितलं होतंस?"

"तेच तं नाही आठवत."

फोन ठेवल्यावर गौतमी वही घेऊन बसली. तिनं एक्केचाळीस प्रश्न काढले. निसटायला जागा राहू नये असे, एकातून दुसरा निघणारे. कार्यालयात पोचलो तेव्हा किती वाजले होते? कागद कुणी हातात दिला? पहिलं पान वाचायला किती वेळ लागला? मी चष्मा लावला होता का? खोट्या काट्याला पकडायचं तर वजनं एकदम टाकायची नसतात, एकेक करून टाकायची, हे ती नोकरीत शिकली होती. आईसाठी तिनं तशीच वजनं लावून ठेवली.

मार्चच्या मध्यावर तारीख लागली. जागरकक्षात न्यायाधीशबाईंचं लहानसं टेबल होतं, बाजूला टंकलेखक, एका खुर्चीत परागचा वकील, त्याच्यामागे पराग. आईला उंच पाठीच्या खुर्चीत बसवलेलं. केस पार पिकलेले, गुडघ्याच्या शस्त्रक्रियेनंतर हाती आलेली काठी भिंतीला टेकवलेली. आत आल्यावर तिनं गौतमीकडे एकदाच पाहिलं आणि नजर खाली घातली. गौतमीला ती नजर ओशाळलेली वाटली. की वाटावी म्हणूनच तशी केली होती? नियमाप्रमाणे जागर सुरू होताना पक्षकारांनी पडद्याआड थांबायचं होतं. गौतमी वही छातीशी धरून पडद्यामागे उभी राहिली.

फरहाननं टोपी बसवली. खोलीतला उजेड बदलला, पावसाळी दिवसासारखा मळकट झाला. भिंतीतून पंख्याची जुनी घरघर सुरू झाली. ओल्या छत्र्यांचा वास आला. सहा-सात मिनिटं गेली. मग फरहाननं बोट वर केलं.

"नलिनीबाई, आज तारीख काय?" न्यायाधीशबाईंनी विचारलं.

"अकरा ऑगस्ट," आईचा आवाज आला. फोनवरल्या आवाजापेक्षा हा आवाज भरीव होता. "पोळ्याले अजून दोन हप्ते हायेत."

"आता काय चाललंय?"

"सकाळी परागच्या वकिलानं इचारलं, ते झालं. आता दुपारी गौतमीकडचे इचारतीन म्हणे." मग आईनं खालच्या आवाजात पट्टेवाल्याला विचारावं तसं विचारलं, "अवो दादा, मायी पोरगी आली काय? गौतमी टोपले."

गौतमी पडद्याच्या फटीशी सरकली.

"प्रतिवादी, पुढे या," न्यायाधीशबाई म्हणाल्या.

ती बाहेर आली. आई दाराकडे मान वळवून बसली होती. तिला पाहिलं आणि तिचा सगळा चेहरा उजळला. गौतमीनं लग्नानंतर पहिल्या दिवाळीला एस्टीतून उतरताना हा चेहरा पाहिला होता.

"आली वं माय!" आई म्हणाली. "म्या म्हटलं, आता काही येत नाही तू. कवाची दाराकडे पाहून रायली मी."

टंकलेखकानं न्यायाधीशबाईंकडे पाहिलं. हे लिहायचं का? त्यांनी मान डोलावली.

गौतमीनं वही उघडली. पहिला प्रश्न वाचला. तिचाच आवाज तिला परका वाटला. "तुम्ही सरतपासणीत सांगितलंत, की प्रतिवादीनं हक्कसोडपत्र वाचून त्यावर सही केली. हे खरं आहे का?"

"तुम्ही काय म्हणते मले?" आई म्हणाली. "नीट इचार."

गौतमीनं वही मिटली. "आई, मी कागद वाचला होता का गं?"

"नाही वाचला तू." आईला उत्तराआधी एकही क्षण लागला नाही. "परागनं म्हटलं, वारसाची नोंद हाय. तू सही केली."

"तुला माहीत होतं, ते काय आहे?"

"माहीत होतं नं. त्यानं मले आदल्या दिवशीच सांगतलं होतं. तू पान पलटवाले लागली, तं म्याच तुया पाठीवर हात ठेवला न् म्हटलं, कर सही, बारा वाजून रायले."

तो हात गौतमीला आठवला. त्या गर्दीत तो किती मायेचा वाटला होता.

"मग सकाळी खोटं का सांगितलंस?"

आईनं परागकडे पाहिलं, मग पुन्हा तिच्याकडे. "त्याच्या घरी राहतो व मी. त्यानं जसं म्हटलं तसं सकाळी बोलली. पण मायं ठरलं होतं. सकाळचं त्याच्यासाठी, दुपारचं तुयासाठी. दुपारी तू येशीन, तू इचारशीन. तुया तोंडाकडे पाहून मायाच्यानं खोटं नाही बोलवत, हे मले माहीत होतं. दोघायलेही कमी नोको पडाले." ती हसली. "बरं झालं आली. नाही तं सकाळचं तेवढंच राहून गेलं असतं."

खोलीत टंकलेखकाची बोटं तेवढी वाजत होती. गौतमीला एकदम तिसरी तारीख डोळ्यांपुढं आली. त्या दिवशी तर ती गेटापर्यंतही गेली नव्हती. दर्यापूरला एका कापूस केंद्राचा वजनकाटा तपासत होती. पहिली तारीख गेली, दुसरी गेली, तिसरी गेली, आणि तिन्ही वेळा ही बाई इथं बसून दाराकडे बघत होती. ‘नो क्रॉस’च्या आदेशानं गौतमीचा हक्क बंद झाला, असंच सगळे धरून चालले होते. आईलाही खरं बोलायची तेवढीच एक दुपार होती, हे कुणाच्याच ध्यानात आलं नव्हतं.

"आणखी काही विचारायचंय?" न्यायाधीशबाईंनी विचारलं.

"नाही," गौतमी म्हणाली. चाळीस प्रश्न वहीतच राहिले.

परागचा वकील फेरतपासणीसाठी उठला. त्याला हक्क होता, आणि अजून पंचवीस मिनिटं होती. परागनं मागून त्याचा कोट ओढला. "काही नाही विचारायचं," पराग न्यायाधीशबाईंना म्हणाला. "तिला बाहेर काढा आधी. लवकर काढा."

या वेळी गौतमीला त्यात डाव दिसला नाही. दिसावा म्हणून तिनं मनाशी प्रयत्नही करून पाहिला, पण भावाच्या कपाळावरचा घाम खरा होता.

बाहेर आल्यावर आईनं चहा घेतला, तारीख बरोबर सांगितली, गुडघा दुखतो म्हणाली. फरहाननं दोघा भावंडांना बाजूला घेतलं. "आज त्यांच्याशी त्या दिवसाबद्दल काही बोलू नका. झोपू द्या. उद्यापर्यंत आठवण बसते."

"कशी बसते?" गौतमीनं विचारलं.

"ते उद्याच कळतं," तो म्हणाला.

दावा पुढे फार चालला नाही. परागनं तो मागे घेतला आणि वाटणीला कबुली दिली. बाबांच्या मातृझाडांपैकी सहा तिच्याकडे, पाच त्याच्याकडे. गौतमीनं मोजणी अधिकारी अमरावतीहून नेला, गावातला घेतला नाही. सवय काही एका दिवसात जात नाही.

मोजणी झाली त्या दुपारी ती अडीच वर्षांनी माहेरच्या शेडमध्ये पाय ठेवत होती. आई स्टुलावर बसून जंबेरीच्या खुंटरोपांना डोळे बांधत होती. चाकूनं खोडाच्या सालीला चीर द्यायची, संत्र्याचा डोळा आत सरकवायचा, पट्टी गुंडाळायची. हात अजून सराईत होते. पलीकडे पराग नळीनं वाफ्यांना पाणी देत होता.

गौतमी तिच्याशेजारी बसली. पट्ट्या कापून देऊ लागली. थोडा वेळ बरा गेला. मग आईनं हातातलं रोप बाजूला ठेवलं.

"एक इचारू काय तुले? रागावशीन नाही नं?"

"विचार की."

"म्या तं कोर्टात सगळं खरं सांगतलं होतं. सगळ्यायच्या समोर. पोळ्याच्या आधी, पाणी पडून रायलं होतं त्या दिवशी. तू समोर उभी होती." आई थांबली. तिचा आवाज बारीक झाला. "मंग अडीच वर्सं घरी काऊन नाही आली व? म्या लय इचार केला. मायं काय चुकलं, तेच समजत नाही."

गौतमीच्या हातातली कात्री तशीच राहिली. तिनं आईच्या तोंडाकडे निरखून पाहिलं, जसं ती काट्याखाली बघायची. तिथं ओशाळलेपण नव्हतं, लपवाछपवी नव्हती. कोर्टात आली तेव्हा त्या नजरेत जे ओझं होतं, ते कुठल्या कुठे गेलं होतं. उघडलेल्या दिवसात गौतमी आत शिरली होती, आणि दिवस तिच्यासकट घट्ट झाला होता. आईच्या आयुष्यात आता ती तारीख चुकलीच नव्हती. लेक वेळेवर आली, तिनं विचारलं, आईनं सांगितलं, सगळं मिटलं. आणि त्यानंतर, काहीही कारण नसताना, लेकीनं माहेर तोडलं.

"आई, ऐक," ती म्हणाली. "त्या दिवशी मी आलेच नव्हते. गेटावरून परत गेले. तिन्ही तारखा नव्हते आले. तू जे सांगितलंस ते आता, या मार्चमध्ये सांगितलंस. त्या यंत्रात."

आईनं तिच्याकडे काळजीनं पाहिलं. "काहीतरी नोको बोलू. म्या माया डोळ्यानं पाह्यलं तुले. तू पयले ‘तुम्ही’ म्हटलं मले, मंग ‘आई’ म्हटलं. येवढं कसं इसरीन मी?"

"दादा," गौतमीनं हाक मारली. "तू सांग ना तिला."

परागनं नळी खाली ठेवली. तो जवळ आला नाही, तिथूनच बोलला. "चार वेळा सांगितलं मी. तिला वाटते, मी तुझ्यावर आळ घेऊन रायलो. परवा तर जेवली नाही दिवसभर, मी असं म्हटलं म्हणून."

"त्याचं ऐकू नोको तू," आई तिचा हात धरून म्हणाली. "तू आलती. मले माहीत हाय नं." आईच्या हातावर सालीच्या रसाचा चिकटपणा होता. "मायं काही चुकलं असन तं सांगून टाक. म्या मनात नाही ठेवत."

"तुझं काही नाही चुकलं, आई."

"मंग?"

गौतमीला खरं माहीत होतं आणि ते तिनं आत्ताच सांगितलं होतं. आई तिच्याकडे बघत राहिली, हात न सोडता.

"सांग नं व," ती म्हणाली. "काऊन नाही आली?"